क्लच सोडायचा नाही, थांबवायचा: स्कूटरवरून मोटरसायकलवर येताना

माझी भाची सहा वर्षं स्कूटर चालवत होती. साताऱ्यातल्या पोवई नाक्याच्या संध्याकाळच्या गर्दीतून ती इतक्या सफाईने गाडी काढायची की मागे बसायला मला कधी भीती वाटली नाही. मग नोकरी लागली ती कोरेगावच्या पुढे, आणि घरात मोकळी उभी होती ती मोटरसायकल. पहिल्या सकाळी एका शाळेच्या मैदानावर तिने पंधरा वेळा तरी गाडी बंद पाडली. त्यानंतर एकदा बंद पडली नाही, पण अशी उडी मारली की ती घाबरून खालीच उतरली. "मावशी, मला क्लच जमणारच नाही," म्हणाली.

तिच्या हातात काही दोष नव्हता. सगळ्यांनी तिला एकच वाक्य सांगितलं होतं: "क्लच हळूहळू सोड." ती हळूहळूच सोडत होती. अर्धा लिव्हर अगदी सावकाश सुटायचा, गाडी हलायला लागायची, आणि गाडी हलली म्हणजे काम झालं असं वाटून उरलेला अर्धा लिव्हर बोटांतून निसटायचा. गाडी नेमकी तिथे बंद पडते. घरातल्या, शेजारच्या ज्यांना ज्यांना मी शिकवलं त्यातल्या जवळजवळ प्रत्येकाचं हेच होत होतं. म्हणून शिकवताना मी "सोड" हा शब्दच वापरत नाही. क्लच एका जागेपर्यंत आणायचा आणि तिथे थांबवायचा. गाडी माणसाच्या चालीने चालायला लागेपर्यंत, दोन-तीन सेकंद, बोटं तिथेच. उरलेला लिव्हर त्यानंतर.

त्या जागेवर आत काय घडतं

इंजिन चालू असताना मिनिटाला साधारण १,३०० ते १,५०० फेरे नुसतं उभ्या उभ्या घेत असतं. मागचं चाक मात्र थांबलेलं. या दोघांच्या मध्ये चकत्यांची एक चळत असते. एक चकती खरखरीत अस्तर लावलेली, तिच्याशेजारी एक गुळगुळीत पोलादाची, पुन्हा खरखरीत, पुन्हा पोलादी. खरखरीत चकत्या इंजिनबरोबर फिरतात, पोलादी चकत्या गिअरबॉक्सबरोबर. स्प्रिंगा या चळतीला दाबून धरतात. तुम्ही लिव्हर आवळता तेव्हा केबल ओढली जाते, स्प्रिंगांचा दाब निघतो, चकत्या सैल होतात आणि इंजिन आपलं एकटं फिरत राहतं. लिव्हर पूर्ण सुटलेला असतो तेव्हा सगळ्या चकत्या एक होऊन फिरतात.

मधली अवस्था महत्त्वाची. तिथे चकत्या एकमेकींवर घासत, घसरत थोडी थोडी ताकद पलीकडे देतात. विहिरीत पोहरा सोडताना आपण दोर एकदम सोडत नाही, मुठीत धरून घसरू देतो. तसंच हे. यालाच आपल्याकडे हाफ क्लच म्हणतात, आणि जिथे चकत्या पहिल्यांदा पकड घेतात त्या जागेला गॅरेजवाले "क्लच पकडतो ती जागा" म्हणतात. थांबलेल्या चाकाला फिरत्या इंजिनच्या वेगापर्यंत यायला वेळ लागतो. तो वेळ दिला नाही तर चाक इंजिनला थांबवतं आणि गाडी बंद पडते. रेस जास्त असेल तर उलट होतं: इंजिन चाकाला हिसका देतं आणि गाडी उडी मारते. दोन्ही चुकांचं मूळ एकच.

हाफ क्लचने प्लेटा, म्हणजे याच चकत्या, जळतात, अशी भीती नवख्याला पहिल्याच दिवशी घातली जाते. मला ते पटत नाही. आपल्याकडच्या बहुतेक मोटरसायकलींचा क्लच इंजिन ऑइलमध्ये बुडालेला असतो, त्यामुळे कमी रेसवर थोडा थोडा वेळ घसरणं त्याला सोसतं. चारचाकीचा कोरडा क्लच इतकं सोसत नाही. प्लेटा जळतात त्या भरमसाट रेस देऊन हाफ क्लचवर ताटकळत राहिल्याने. मैदानावर मंद रेसवर सराव करा, दर पंधरा मिनिटांनी इंजिन बंद करून गाडीला आणि स्वतःच्या मनगटाला विश्रांती द्या.

आधी डाव्या हाताची जुनी सवय मोडा

स्कूटरवाल्यांसाठी हा भाग सगळ्यात धोक्याचा आहे आणि याबद्दल फार कमी लोक बोलतात. स्कूटरच्या डाव्या हाताला मागचा ब्रेक असतो. वर्षानुवर्षं तुम्ही कुत्रं आडवं आलं की डावा लिव्हर आवळत आलात. मोटरसायकलवर त्याच जागी क्लच आहे. तो आवळला की गाडी थांबत नाही, इंजिनपासून सुटते आणि मोकळी धावते. उतारावर तर वेग वाढतोच. आपल्या आधीच्या पिढीला ही अडचण नव्हती, कारण चेतकसारख्या जुन्या स्कूटरला डाव्या हातात क्लच आणि मुठीवरच गिअर असायचे. आज बिनगिअरच्या स्कूटरवर वाढलेल्यांना ही सवय मुद्दाम बदलावी लागते.

त्यासाठी इंजिन बंदच ठेवा. मैदानात अगदी हलका उतार शोधा, गाडी न्यूट्रलमध्ये घ्या, सीटवर बसा आणि पायांनी ढकलत सोडा. दहा-बारा फुटांवर ब्रेक. उजव्या हाताने पुढचा, उजव्या पायाने मागचा, दोन्ही एकत्र. डाव्या हाताला या खेळात कामच द्यायचं नाही. असं तीस-चाळीस वेळा करा. सोबत कुणी असेल तर त्यांनी अचानक "थांब" म्हणायचं. भाचीचा डावा हात पहिल्या दहा वेळा आपोआप आवळला गेला. चाळिसाव्या वेळेपर्यंत तो शांत झाला, आणि मगच मी किल्ली तिच्या हातात दिली.

याच वेळी बसणंही बघून घ्या. दोन्ही पाय जमिनीला नीट टेकले पाहिजेत. डावं मनगट सरळ हवं. लिव्हर फार वर किंवा फार खाली असेल तर त्याच्या पकडीचा बोल्ट सैल करून तो हँडलवर थोडा फिरवता येतो, गॅरेजमध्ये दोन मिनिटांचं काम आहे. लहान हाताच्या माणसाला याने मोठा फरक पडतो. सुरुवातीला चारही बोटं लिव्हरवर ठेवा. दोन बोटांनी क्लच मारणारे दिसतील, पण अजून तुमची बोटं तितकी तयार नाहीत.

उजव्या मनगटाबद्दल एक गोष्ट मी माझ्या अनुभवातून सांगते. मी वडिलांच्या मोटरसायकलवर शिकत होते तेव्हा गाडीने उडी घेतली, माझं अंग मागे गेलं, मी उजव्या मुठीला लटकले आणि लटकताना ती आणखी पिळली गेली. गाडी शेताच्या बांधावर जाऊन पडली आणि सायलेन्सरने पोटरी भाजली. डाग अजून आहे. म्हणून मूठ धरताना मनगट किंचित खालच्या बाजूला ठेवा, म्हणजे अंग मागे गेलं तरी मूठ आणखी पिळायला जागाच फार उरत नाही. आणि एक नियम मनाशी घोकून ठेवा: गाडी अनपेक्षित काहीही करू लागली तर डावा लिव्हर पूर्ण आत, रेस बंद, मग ब्रेक. क्लच आत असेल तर इंजिन कितीही ओरडो, त्याची ताकद चाकापर्यंत पोचत नाही.

इंजिन बंद ठेवून जागा शोधणं

हा सराव मला कुणी शिकवला नव्हता, शिकवता शिकवता सापडला. इंजिन बंद. गाडी पहिल्या गिअरमध्ये. क्लच पूर्ण आवळा आणि बसल्या बसल्या पायांनी गाडी पुढे-मागे झुलवा. ती झुलेल. झुलवत असतानाच लिव्हर अगदी थोडा थोडा बाहेर येऊ द्या. एका ठिकाणी गाडी जड होईल, मग अडेल. तीच जागा. पुन्हा आवळा, पुन्हा शोधा. डोळे मिटूनही करून बघा. लिव्हर मुठीपासून किती अंतरावर असताना गाडी अडते ते बोटांना कळलं पाहिजे. प्रत्येक गाडीची जागा वेगळी असते, म्हणून दुसऱ्याची गाडी घेतली की पहिलं मिनिट याच कामाला द्यायचं.

गिअरचा क्रमही आताच पाठ करा. स्प्लेंडरसारख्या चार गिअरच्या गाड्यांत न्यूट्रलनंतर सगळे गिअर पायाच्या चवड्याने पुढे दाबून पडतात. पल्सरसारख्या पाच गिअरच्या गाड्यांत पहिला खाली आणि बाकीचे वर, न्यूट्रल पहिल्या-दुसऱ्याच्या मध्ये. घरात दोन्ही प्रकारच्या गाड्या असतील तर शिकताना एकच वापरा.

आता इंजिन चालू, रेस नाही

सपाट जागा, दोन्ही पाय जमिनीवर. साइड स्टँड वर केलाय का ते बघा, कारण बऱ्याच नव्या गाड्या स्टँड खाली असताना गिअर टाकला की आपोआप बंद होतात आणि नवखा माणूस आपला क्लच चुकला म्हणून हिरमुसतो. क्लच पूर्ण आवळा, पहिला गिअर टाका. सकाळी थंड इंजिनला "खट्ट" असा मोठा आवाज येईल, घाबरू नका.

उजवा हात मोकळा, मुठीवर नुसता टेकलेला. लिव्हर सावकाश त्या जागेपर्यंत आणा. इंजिनचा आवाज खोल जाईल, गाडी पुढे झुकल्यासारखी होईल. तिथेच थांबा. एक श्वास. पुन्हा आवळा. गाडी हलली नाही तरी चालेल, हलू नये हेच बरं. असं वीस वेळा. या आवाजाकडे कान द्या. क्लच कुठे पकडतो हे बोटांच्या आधी कानाला कळतं, आणि पुढे गर्दीत लिव्हरकडे बघायला वेळ नसतो तेव्हा कानच उपयोगी पडतो.

नंतर त्याच जागी जरा जास्त थांबा. गाडी पुढे सरकू लागेल. पाय जमिनीवरून चालत चालत तिच्याबरोबर न्या, पाच-सहा पावलं, मग क्लच आत आणि ब्रेक. गाडी अजून हाफ क्लचवरच आहे, लिव्हर पूर्ण सोडायचा नाही. रेस न देता नुसत्या मंद फेऱ्यांवर सपाट जमिनीवर गाडी ओढली जाते हे पाहून बहुतेकांना आश्चर्य वाटतं. इथपर्यंत गाडी पाच मिनिटं सलग बंद पडली नाही की पाय वर घ्या. गाडी चालीचा वेग धरते, तेव्हा उरलेला लिव्हर तीन मोजत सोडा.

पहिल्या दिवशी एवढंच पुरे. एक तासाच्या वर ताणू नका, कारण पंजा दुखायला लागला की बोटं लिव्हर टाकून देतात आणि चुकीची सवय लागते.

रेस कधी आणि किती

दुसऱ्या दिवशी उजव्या हाताला काम. चुकीचा क्रम असा असतो: क्लच सुटतो, गाडी बंद पडायला लागते, मग घाईने रेस. बरोबर क्रम उलटा आहे. आधी मूठ अगदी थोडी पिळा, आवाज जेमतेम चढेल इतकीच, आणि ती तशीच धरून ठेवा. मग डावा हात त्या जागेवर आणा. उजवा हात स्थिर, डावा हात हलता. दोन्ही हात एकाच वेळी हलवायला गेलात की कुणामुळे काय झालं ते कळत नाही.

दहा पावलं जा, थांबा, पुन्हा निघा. थांबताना आधी रेस बंद, मग ब्रेक, आणि गाडी धडधडायला लागण्याच्या जरा आधी क्लच आत. स्कूटरवरून आलेले लोक ब्रेकच्या आधीच क्लच दाबतात, आणि मग इंजिन गाडीला मागून जे धरून ठेवतं तो आधार जातो. एका तासात अशा साठ-सत्तर थांब-निघ झाल्या पाहिजेत.

दुसरा गिअर टाकताना रेस बंद, क्लच आत, पायाने गिअर, क्लच बाहेर, रेस सुरू. चालत्या गाडीत चाक आणि इंजिन दोन्ही फिरत असतात, म्हणून इथे पकडीच्या जागी फार थांबावं लागत नाही. वरचा गिअर टाकणं सोपं आहे, त्यावर वेळ घालवू नका. खालचा टाकताना मात्र जपा. वेगात असताना एकदम खालचा गिअर टाकून क्लच झटकन सोडला तर मागचं चाक क्षणभर अडून घसरतं, आणि पावसाळ्यातल्या रस्त्यावर तेवढं पडायला पुरेसं असतं. आधी ब्रेकने वेग कमी करा, मग एकेक गिअर, आणि प्रत्येक वेळी लिव्हर सावकाश.

हळू चालवणं हीच खरी परीक्षा

वेगात कुणीही चालवतं. क्लच हातात बसलाय की नाही ते माणसाच्या चालीने गाडी वळवताना कळतं. आरटीओच्या परीक्षेत पाय न टेकता आठाचा आकडा काढायला लावतात तो याचसाठी. मैदानावर दोन विटा पंधरा-वीस पावलांच्या अंतरावर ठेवा आणि त्यांच्याभोवती आठ काढा. रेस थोडी आणि कायम एकसारखी. क्लच पकडीच्या जागेच्या आसपास, कधी केसभर आत, कधी केसभर बाहेर. उजवा पाय मागच्या ब्रेकवर हलका दाबलेला. इंजिन पुढे ओढतंय, ब्रेक मागे धरतोय, आणि दोघांच्या मध्ये गाडी ताठ उभी राहते. गाडी पडायला लागली असं वाटलं की क्लच केसभर सोडा. चाकाला ताकद मिळते आणि गाडी स्वतःच सावरते. नवखा माणूस नेमका उलटा, क्लच आवळतो आणि पडतो. हँडल वळलेलं असताना पुढचा ब्रेक आवळायचा नाही. नजर विटेवर नाही, पुढे जिथे जायचंय तिथे. दोन विटा हळूहळू जवळ आणत जा.

हे करताना लायसन्सचंही बघा. बिनगिअरच्या दुचाकीचं लायसन्स गिअरच्या मोटरसायकलला चालत नाही. वय १८ पूर्ण हवं, परिवहन खात्याच्या 'सारथी' पोर्टलवर अर्ज करून शिकाऊ परवाना काढायचा. तो सहा महिने चालतो आणि ३० दिवसांनंतर पक्क्या परवान्याची परीक्षा देता येते. रस्त्यावर यायच्या आधी हे हातात असू द्या. हेल्मेट तर मैदानातल्या पहिल्या मिनिटापासून.

चढावर थांबून निघणं

समर्थ मंदिराकडून बोगद्याकडे जाताना चढ लागतो. पुढची गाडी थांबली, मागे एसटी उभी, आणि आपल्या गाडीला मागे सरकायला जागा नाही. साताऱ्यात शिकलेल्या प्रत्येकाला हा प्रसंग कधी ना कधी येतो. यासाठी आधी रिकाम्या, सौम्य चढावर तयारी करा.

डावा पाय जमिनीवर, उजवा पाय मागच्या ब्रेकवर घट्ट. पहिला गिअर. सपाटीपेक्षा थोडी जास्त रेस द्या आणि धरून ठेवा. क्लच पकडीच्या जागेपर्यंत आणा. गाडीचा मागचा भाग किंचित दबेल, आवाज खोल जाईल. आता ब्रेक अजून दाबलेलाच आहे आणि गाडी दोन्हींच्या मध्ये अडकून उभी आहे. मगच ब्रेक हळू सोडा. गाडी मागे जाणार नाही, पुढे सरकेल. क्लच मात्र आणखी दोन-तीन सेकंद तिथेच. चढावर सगळी घाई या शेवटच्या दोन सेकंदांत होते. मागे माणूस बसला असेल तर रेस आणखी थोडी लागते, म्हणून दोघं बसून हा सराव वेगळा करा. यवतेश्वरच्या घाटात भाचीला मी दुसऱ्या आठवड्यात नेलं, रविवारी सकाळी साडेसहाला, रस्ता रिकामा असताना. वीस वेळा थांबवलं. एकदाही गाडी मागे गेली नाही.

उतरताना क्लच आवळून गाडी मोकळी सोडू नका. पेट्रोल वाचवायला लोक तसं करतात आणि घाटात फक्त ब्रेकच्या भरवशावर राहतात. दुसऱ्या-तिसऱ्या गिअरमध्ये, क्लच पूर्ण सुटलेला, इंजिनच गाडीला धरून ठेवतं.

गर्दीत

सिग्नल लांबचा असेल तर न्यूट्रल करून हात मोकळा करा. रांग इंच इंच सरकत असेल तर पुढच्या गाडीला चिकटू नका, दोन गाड्यांची जागा होऊ द्या आणि मग एकदाच पुढे जा. डावा पंजा कमी थकतो. चालवताना बोटं उगाच लिव्हरवर टेकवून ठेवणं टाळा. तो किंचित दाब चकत्यांना सतत घसरवत राहतो, आणि मैदानावरच्या सरावापेक्षा प्लेटा यानेच लवकर जातात.

तुमचा दोष की गाडीचा

कधी कधी माणूस स्वतःला बोल लावतो आणि चूक गाडीची असते. लिव्हर सुरुवातीला थोडा रिकामा हलला पाहिजे, बऱ्याच गाड्यांत १० ते २० मिलिमीटर, नेमका आकडा गाडीच्या पुस्तिकेत असतो. ही ढिलाई अजिबात नसेल तर लिव्हर पूर्ण सुटूनही चकत्या घट्ट बसत नाहीत. रेस वाढते पण वेग वाढत नाही, चढावर गाडी खेचत नाही, जळका वास येतो. ढिलाई जास्त असेल तर लिव्हर पूर्ण आवळूनही गाडी पुढे ओढते, गिअर अडकत पडतो, न्यूट्रल सापडत नाही. लिव्हरच्या मुळाशी एक फिरकी असते, तिथून हे जुळवता येतं. शिकायची गाडी जुनी असेल तर पहिल्या दिवशीच हे बघून घ्या.

ऑइल दुचाकीचंच टाका. डब्यावर 'जासो एमए' किंवा 'एमए२' असा शिक्का असतो. चारचाकीच्या बऱ्याच ऑइलमध्ये घर्षण कमी करणारी द्रव्यं असतात. तीच चकत्यांवर बसली की ऑइलमधला क्लच घसरायला लागतो.

केबल लिव्हरजवळच्या टोकाला एकेक तार करून तुटते. महिन्यातून एकदा रबर बाजूला करून बघा, तारा विस्कटलेल्या दिसल्या तर बदलून टाका. गावाबाहेर रोजची ये-जा असेल तर जादा केबल गाडीतच ठेवा. रस्त्यात तुटलीच तर चालू गाडी खालच्या गिअरमध्ये आणत, ब्रेक दाबून कडेला उभी करा, शेवटी ती आपोआप बंद पडेल. भाचीची गेल्या पावसाळ्यात अशीच कोरेगावजवळ तुटली. सीटखाली दुसरी होती आणि पुढच्याच चौकात गॅरेज होतं.